रक्त किती ते कळलं, वाहतं कसं?

आपल्याकडे रक्ताची चौकशी आकड्यांनी होते. बाळंतिणीचं हिमोग्लोबिन किती आलं, आजोबांची साखर किती, डेंग्यूच्या पेशंटच्या प्लेटलेट्स कालपेक्षा वाढल्या का. लॅबचा कागद हातात पडला की नजर आधी ठळक छापलेल्या आकड्यांवर जाते आणि ठळक काही नसलं तर घरातल्यांचा जीव भांड्यात पडतो. हिमोग्लोबिन कमी असलं तर बीट, खजूर, गूळ-शेंगदाणे सुरू होतात. फारच कमी असलं तर रक्त चढवतात. यात वावगं काही नाही. या आकड्यांनी आजवर असंख्य जीव वाचवले आहेत. पण रक्तात काय किती आहे हे समजलं म्हणजे रक्ताचं सगळं समजलं, असं आपण त्या कागदावरून धरून चालतो, आणि माझी शंका तिथे आहे. कागदावर उतरलेलं रक्त नळीत थांबलेलं असतं. अंगातलं रक्त कधी थांबत नाही, थांबलं तर तोच आजार. ते कसं वाहतं, कुठे अडतं, कुठे रेंगाळतं याचा अभ्यास दोनशे वर्षं चालू आहे. त्यातून वैद्यकाला जे उमगलं ते सामान्य माणसापर्यंत मात्र फारसं पोचलेलं नाही.

या अभ्यासाची सुरुवातच एका अडचणीतून झाली. झाँ लिओनार मारी प्वाझय हा पॅरिसचा डॉक्टर. १८२८ साली प्रबंधासाठी त्याने पाऱ्याच्या नळीने जनावरांच्या धमन्यांतला रक्तदाब मोजला होता. पुढे त्याला अगदी बारीक वाहिन्यांतून रक्त कसं सरकतं याचं कोडं सोडवायचं होतं. पण काचेच्या नळीत घेतलेलं रक्त गोठून बसायचं आणि ते वाहतं ठेवण्याचा भरवशाचा उपाय तेव्हा नव्हता. मग त्याने रक्त बाजूला ठेवलं आणि पाणी घेतलं. केसाहून बारीक काचनळ्या, मोजून दिलेला दाब, ठरावीक तापमान, असे प्रयोग करत १८४०च्या दशकात त्याने आपला नियम मांडला. गोटहिल्फ हागेन हा जर्मन अभियंता १८३९ मध्ये स्वतंत्रपणे त्याच जागी पोचला होता. नियम असा: नळीतून किती द्रव जाईल हे दाबावर, नळीच्या लांबीवर आणि द्रवाच्या दाटपणावर अवलंबून असतं, पण सगळ्यात जास्त अवलंबून असतं ते नळीच्या व्यासावर, आणि तेही व्यासाच्या चौथ्या घातावर.

चौथा घात म्हणजे काय ते करून पाहिल्याशिवाय कळत नाही. व्यास निम्मा झाला तर प्रवाह निम्मा होत नाही, चौथाईही होत नाही, तो सोळाव्या हिश्श्यावर येतो. उलट व्यास नुसता १९ टक्क्यांनी वाढला की प्रवाह जवळपास दुप्पट. शरीर हेच कसब दिवसभर वापरतं. जेवलो की आतड्याकडच्या लहान धमन्या जराशा सैलावतात, जिना चढलो की पायांच्या. हृदयाला त्यासाठी दाब दुप्पट करावा लागत नाही.

हा नियम अर्धवट कळला तर काय होतं त्याचं उदाहरण आपल्या शेजारीपाजारी सापडतं. अँजिओग्राफी झाली, सीडीत काळ्या-पांढऱ्या सावल्या दिसल्या आणि 'सत्तर टक्के ब्लॉक' हे शब्द घरात आले. त्यानंतर त्या घरात दुसरा विषय निघत नाही. चौथा घात आठवला तर सत्तर टक्के ऐकून घाम फुटायलाच हवा. पण हृदयाच्या वाहिनीत अडथळा एकटा नसतो. त्याच्या पुढे बारीक धमन्यांचं जाळं असतं, आणि वर चिंचोळेपणा आला की ते जाळं सैल होऊन बरीचशी भरपाई करतं. तेव्हा खरा प्रश्न वाहिनी किती चिंचोळी दिसते हा नाहीच. पलीकडे रक्त पुरेसं पोचतं का, हा आहे. नेदरलँड्सचे निको पाइल्स आणि बेल्जियमचे बर्नार्ड डी ब्रुइन यांनी १९९०च्या दशकात तो मोजण्याजोगा केला. केसासारखी तार वाहिनीत सरकवायची, टोकाला दाब मोजणारा सेन्सर. औषध देऊन पुढचं जाळं पूर्ण सैल करायचं आणि अडथळ्याच्या अलीकडचा नि पलीकडचा दाब ताडून बघायचा. पलीकडे ८० टक्क्यांहून जास्त दाब टिकत असेल तर तिथे सहसा स्टेंटची गरज नाही. २००९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'फेम' या चाचणीत १,००५ रुग्ण होते. निम्म्यांवर नुसत्या चित्रावरून स्टेंट घातले, निम्म्यांवर या तारेच्या मापावरून. चित्रवाल्या गटात माणशी सरासरी २.७ स्टेंट लागले, तारवाल्या गटात १.९. वर्षभरात मृत्यू, हार्ट अटॅक किंवा पुन्हा प्रोसिजर यांतलं काही ना काही पहिल्या गटात १८.३ टक्क्यांना झालं, दुसऱ्यात १३.२ टक्क्यांना. म्हणजे स्टेंट कमी आणि त्रासही कमी. चित्रात पन्नास ते सत्तर टक्के दिसणाऱ्या चिंचोळ्या जागांपैकी खरोखर प्रवाह अडवणाऱ्या जागा साधारण एकतृतीयांशच निघाल्या. स्टेंटच्या किमतीवर आपल्याकडे चिकार चर्चा झाली, २०१७ मध्ये सरकारने त्या बांधूनही दिल्या. स्टेंट हवा होता का, ही चर्चा मात्र त्या मानाने फारच थोडी झाली.

आता प्वाझयच्या राहून गेलेल्या प्रश्नाकडे. त्याचा नियम पाण्याला तंतोतंत लागू पडतो, कारण पाणी हळू चालवा की जोरात, त्याचा दाटपणा बदलत नाही. रक्ताचं तसं नाही. वेगाने वाहताना रक्त पाण्याच्या चार-पाच पट दाट असतं. प्रवाह मंदावला की तेच रक्त दहापट आणि त्याहूनही दाट होऊ शकतं. घट्ट विरजलेलं दही चमच्याने ढवळलं की सैल होतं, तसा हा प्रकार. फरक इतकाच की ढवळणं थांबलं की रक्त पुन्हा घट्ट व्हायला लागतं. म्हणून 'माझं रक्त किती घट्ट आहे?' या प्रश्नाला एका आकड्यात उत्तर देता येत नाही. किती वेगाने चाललेलं असताना, असं उलट विचारावं लागतं. एखाद्या पदार्थाचा गुण त्याच्या चालीवर ठरावा, ही गोष्ट पचायला मला बराच वेळ लागला. आणि जाता जाता सांगायचं तर, ज्यांना आपण 'रक्त पातळ करायच्या गोळ्या' म्हणतो त्या या दाटपणाला हातही लावत नाहीत. त्या फक्त गुठळी होऊ देत नाहीत.

असं का होतं ते शू चिएन यांच्या १९७० साली 'सायन्स'मध्ये आलेल्या प्रयोगातून लख्ख दिसतं. त्यांनी तीन नमुने घेतले. तिन्हींत तांबड्या पेशींचं प्रमाण ४५ टक्के. पहिल्यात पेशी आपल्या नेहमीच्या प्लाझ्मात. दुसऱ्यात त्याच पेशी, पण ज्यात त्या एकमेकींना चिकटत नाहीत अशा द्रवात. तिसऱ्यात रसायनाने कडक केलेल्या पेशी. मंद प्रवाहात पहिला नमुना दुसऱ्यापेक्षा कितीतरी दाट निघाला, कारण प्लाझ्मातल्या फायब्रिनोजेनसारख्या प्रथिनांमुळे पेशी नाण्यांच्या चळतीसारख्या एकीवर एक बसतात. वेग वाढवला तसा पहिला नमुना सैल होत गेला, चळती मोडल्या, पेशी प्रवाहाच्या दिशेने लांबट झाल्या. कडक पेशींचा नमुना मात्र किती का वेग द्या, दाटच राहिला. हे तीन नमुने पेशी मोजायला लॅबमध्ये पाठवले असते तर तिन्हींचा आकडा सारखाच आला असता.

पेशीच्या लवचीकपणाचं महत्त्व तिच्या मापावरून कळतं. तांबडी पेशी साधारण ८ मायक्रॉन रुंद, आणि ज्या केशवाहिन्यांतून तिला जायचं असतं त्यांतल्या कित्येक ५-६ मायक्रॉनच्या. प्लीहेतल्या फटी त्याहूनही बारीक. साधारण १२० दिवसांच्या आयुष्यात पेशी अंग चोरून हजारो वेळा या वाटा पार करते. स्वीडनच्या रॉबिन फॉरेउस आणि टॉर्स्टेन लिंडक्विस्ट यांनी १९३१ मध्ये दाखवलं की ०.३ मिलिमीटरपेक्षा बारीक नळीत रक्त जड जाण्याऐवजी हलकं जायला लागतं. पेशी मधोमध सरकतात, कडेने प्लाझ्माचा थर राहतो आणि घर्षण कमी होतं. निसर्गाने प्वाझयच्या चौथ्या घातावर काढलेला हा तोडगा म्हणायला हरकत नाही. पण तो चालतो तो पेशी मऊ असेपर्यंतच.

याच फॉरेउसमुळे रक्ताच्या चालीचं एक ओबडधोबड माप तालुक्याच्या लॅबपर्यंत पोचलेलं आहे, ते म्हणजे ईएसआर. पोलंडच्या एडमंड बिएर्नात्स्कींनी ते आधी, १८९७ मध्ये, मांडलं होतं. फॉरेउस आणि वेस्टरग्रेन यांनी त्याला आजचं रूप दिलं. सायट्रेट मिसळलेलं रक्त २०० मिलिमीटरच्या खुणा असलेल्या काचनळीत शून्यापर्यंत ओढायचं, नळी स्टँडला सरळ उभी करायची आणि तास लावायचा. वरून पिवळसर प्लाझ्मा मोकळा होत जातो, खाली लाल स्तंभ बसत जातो. तासाभरात तो किती मिलिमीटर खाली आला तो ईएसआर. नळी थोडी जरी कलली, तापली किंवा हादरली तरी आकडा बिघडतो, म्हणून चांगला टेक्निशियन स्टँड खिडकीतल्या उन्हात किंवा सेंट्रिफ्यूजच्या हादऱ्यावर ठेवत नाही. इतकी साधी कृती, पण ती मोजते काय? चळती किती झपाट्याने बनतात ते. क्षयात, संधिवातात, जंतुसंसर्गात फायब्रिनोजेन वाढतं, चळती मोठ्या होतात आणि लवकर बसतात. आजाराचं नाव ईएसआर सांगत नाही, आणि त्यामुळेच आधुनिक डॉक्टर त्याला नाक मुरडतात. पण एका आजारात ही नळी उलटं वागते. माणूस चांगलाच आजारी, रक्त कमी, आणि ईएसआर मात्र विलक्षण कमी. कारण त्या पेशी कोयत्याच्या पात्यासारख्या वाकड्या असतात, त्यांच्या चळती रचल्याच जात नाहीत.

तो आजार म्हणजे सिकलसेल. विदर्भातल्या गडचिरोली, चंद्रपूर, गोंदिया, नागपूरकडच्या आणि खानदेशातल्या नंदुरबारच्या वाचकांना तो समजावून सांगायला नको. रक्ताच्या चालीचा अभ्यास चैनीचा विषय आहे असं कुणाला वाटत असेल तर त्याने हा आजार बघावा. १९४९ मध्ये लायनस पॉलिंगने दाखवलं की दोष हिमोग्लोबिनच्या रेणूत आहे; १९५७ मध्ये व्हर्नन इन्ग्रमने तो एका अमिनो आम्लाच्या अदलाबदलीपर्यंत नेला. इथे गोष्ट संपायला हवी होती. पण सगळ्या पेशींत तोच दोष चोवीस तास असताना दुखण्याचा झटका, क्रायसिस, अधूनमधूनच का येतो, हे रेणूवरून कळत नव्हतं.

उत्तर मिळालं ते वेळेच्या हिशेबातून. अमेरिकेत विल्यम ईटन आणि जेम्स हॉफरिक्टर यांनी १९७४ मध्ये दाखवलं की प्राणवायू सोडल्याबरोबर हे हिमोग्लोबिन लगेच गोठत नाही. काही काळ काहीच घडत नाही, आणि मग एकाएकी त्याचे धागे बनून पेशी ताठ होते. तेवढ्या अवधीत पेशी केशवाहिनी ओलांडून फुफ्फुसाकडे परतली तर ती सुटली. वाटेत रेंगाळली तर तिथेच ताठरली, मागच्यांची वाट अडली, त्याही रेंगाळल्या, त्याही ताठरल्या. प्रवाह मंदावल्याने आजार आणि आजाराने प्रवाह मंद. हा अवधी किती असेल ते पेशीतल्या हिमोग्लोबिनच्या तीव्रतेच्या जवळपास तिसाव्या घातावर अवलंबून असतं. चौथ्या घाताने आपण दचकलो होतो, इथे तिसावा आहे. तीव्रता नुसती पाच टक्क्यांनी वाढली की मिळणारा अवधी चौथ्या हिश्श्याच्याही खाली येतो.

ही पाच टक्क्यांची वाढ होते कशी? पेशीतलं पाणी घटलं की. मे महिन्यात चंद्रपुरात पारा पंचेचाळीसच्या वर असताना तेंदूपत्ता तोडायला किंवा रोजगार हमीच्या कामावर गेलेला, घामाने निथळलेला एसएस, म्हणजे आई-वडील दोघांकडून दोष आलेला, रुग्ण आठवावा. आशाताई 'पाणी जास्त पी, उन्हात राबू नको, तापात अंगावर काढू नको' म्हणून सांगतात, तो सल्ला घरगुती वाटतो. त्याच्यामागे तिसाव्या घाताचं गणित उभं आहे. हायड्रॉक्सीयुरिया या औषधाचं कामही याच गणितात बसतं. ते लहान बाळाच्या रक्तात असतं तसलं हिमोग्लोबिन पुन्हा वाढवतं आणि अवधी लांबवतं. पेशीला वळण पार करायला दोन क्षण जास्त मिळतात, एवढंच ते करतं आणि तेवढं पुष्कळ असतं. प्रश्न असा पडतो की कामाला न जाता घरी बसणं ज्याला परवडत नाही त्याला हा सल्ला देऊन आपण मोकळे होतो का? माझ्या मते होत नाही. कामाच्या जागी सावली आणि पिण्याचं पाणी हा सिकलसेलच्या उपचाराचाच भाग धरला पाहिजे.

आकड्यांच्या मोहाचा सगळ्यात मोठा धडाही इथेच मिळतो. एसएस रुग्णाचं हिमोग्लोबिन बरेचदा सहा ते नऊच्या दरम्यान असतं. नातेवाइकांना वाटतं, रक्त चढवून बारा-तेरावर न्यावं. पण ताठर पेशी तशाच ठेवून वरून भर घातली आणि हिमोग्लोबिन दहा-अकराच्या पुढे गेलं की रक्ताचा दाटपणा वाढून झटका किंवा पक्षाघात ओढवू शकतो. म्हणून गरज पडते तिथे अनुभवी डॉक्टर थोडं काढून थोडं घालतात. किडनीच्या रुग्णांनी हेच वेगळ्या मार्गाने शिकवलं. डायलिसिसवर असलेल्या, हृदयविकार जडलेल्या १,२३३ अमेरिकन रुग्णांवर एक चाचणी झाली. औषधाने तांबड्या पेशींचं प्रमाण निरोग्यांसारखं, ४२ टक्क्यांवर, न्यायचं एका गटात. दुसऱ्यात ३० वरच ठेवायचं. 'नॉर्मल' केलेल्या गटात मृत्यू आणि हार्ट अटॅक जास्त दिसू लागले आणि चाचणी मध्येच थांबवावी लागली. ती १९९८ मध्ये प्रसिद्ध झाली. अगदी अलीकडे, सिकलसेलसाठी २०१९ मध्ये अमेरिकेत मान्यता मिळालेलं व्हॉक्सेलोटर हे औषध हिमोग्लोबिन खरोखर वाढवत होतं. पण रुग्णांत झटके आणि मृत्यू अपेक्षेपेक्षा जास्त दिसल्यावर २०२४ च्या सप्टेंबरमध्ये कंपनीने ते जगभरातून मागे घेतलं. प्रत्येक वेळी कागदावरचा आकडा सुधारला होता.

मात्र दाटपणालाच नवा देव करून बसवायलाही माझा विरोध आहे. १९८०च्या दशकात पक्षाघाताच्या रुग्णांचं थोडं रक्त काढून, जागी द्रव भरून रक्त सैल करायचे प्रयोग झाले. तर्क बिनतोड होता: सैल रक्त अडलेल्या जागेतून सहज जाईल. स्कँडिनेव्हियातल्या आणि इटलीतल्या मोठ्या चाचण्यांत त्याने काहीच फायदा झाला नाही. रक्त सैल झालं, पण त्याबरोबर प्राणवायू वाहून नेणाऱ्या पेशीही घटल्या. एका आकड्याच्या जागी दुसरा आकडा बसवला की शहाणपण येत नाही. एरवी ज्या आजारांत दाटपणाच मूळ आहे, उदाहरणार्थ तांबड्या पेशी बेसुमार वाढण्याचा पॉलिसायथेमिया, तिथे रक्त काढणं हा आजही उत्तम उपाय आहे. २०१३ च्या एका चाचणीत पेशींचं प्रमाण ४५ टक्क्यांखाली राखलेल्यांना हृदयाचा नि मेंदूचा धोका स्पष्टपणे कमी दिसला. आपल्या जुन्या तुंबडीवाल्याला हे कळलं असतं तर तो खूश झाला असता, पण तो तुंबडी सरसकट सगळ्यांनाच लावत होता.

सिकलसेलच्या लहान मुलांकडे वळून थांबतो, कारण तिथे प्रवाह मोजण्याचा उपयोग सगळ्यात थेट आहे. या मुलांत मेंदूच्या मोठ्या धमन्या हळूहळू चिंचोळ्या होतात आणि पाच-सात वर्षांच्या पोराला पक्षाघात होतो. बाहेरून आधी काही कळत नाही. पण कानशिलाजवळ, जिथे कवटीचं हाड पातळ असतं तिथे, जेल लावून डॉपलरचा प्रोब टेकवला की आतल्या रक्ताचा वेग ऐकू येतो आणि पडद्यावर दिसतो. सुई नाही, रंगद्रव्य नाही, मूल जागं असतं. चिंचोळ्या जागेतून रक्त जोराने जातं, म्हणून वेग सेकंदाला २०० सेंटिमीटरच्या वर गेला की धोका ओळखता येतो. १९९८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'स्टॉप' या चाचणीत अशा १३० मुलांपैकी निम्म्यांना नियमित रक्त दिलं, आणि त्यांच्यात पक्षाघाताचा धोका ९२ टक्क्यांनी घटला. वर्षभर रक्त दिल्यानंतर, धमन्या फार बिघडलेल्या नसतील तर पुढे हायड्रॉक्सीयुरियावर भागू शकतं, हे २०१६ मध्ये दुसऱ्या चाचणीने दाखवलं. पोटाची सोनोग्राफी करणाऱ्या बऱ्याच यंत्रांना योग्य प्रोब जोडून ही तपासणी करता येते. शिकलेला हात मात्र लागतो.

२०२३ च्या १ जुलैला मध्य प्रदेशातल्या शहडोलमधून सुरू झालेल्या राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन मोहिमेत सात कोटी लोकांची तपासणी करायचं ठरलं. मोहीम आवश्यकच आहे. पण एएस (वाहक) की एसएस (रुग्ण) हे कार्डावर लिहून झालं म्हणजे मोजणी झाली, प्रवाह अजून बघायचाच आहे. तुमच्या घरात, शाळेत, आश्रमशाळेत किंवा ओळखीत दोन ते सोळा वर्षांचं एसएस मूल असेल तर पुढच्या खेपेला डॉक्टरांना हिमोग्लोबिन किती एवढंच विचारून परतू नका. मेंदूचा डॉपलर कधी केला, तो वर्षातून एकदा कुठे होईल, आणि आपल्या जिल्हा रुग्णालयात होत नसेल तर का होत नाही, हेही विचारा.